शटरवर चिकटवलेली नोटीस

तलाठी भाऊसाहेबांचा फोन आला तो ६ फेब्रुवारी २०२४, मंगळवार. मी बँकेच्या रांगेत होते. "वहिनी, तुमच्या नावानं वसुली आलीय तहसीलमधून. अठरा लाखांच्या वर आकडा आहे. बघून घ्या." मला वाटलं नावात घोटाळा झालाय. आमच्या नावावर सोळा गुंठे जमीन, तिचा शेतसारा अठरा रुपयेसुद्धा होत नाही.

घोटाळा नव्हता. आमचं छोटं मशीन शॉप आहे. पॉवर प्रेसवर वॉशर पंचिंग, थोडं ड्रिलिंग, बाकी जॉबवर्क. काम हे बघतात, हिशेब मी. उद्योगाची सरकारी नोंदणी ('उद्यम') मात्र माझ्या नावावर, त्यामुळे कागदोपत्री मालक मी. संध्याकाळी चावडीवर जाऊन कागद पाहिला तेव्हा त्यावर माझं पूर्ण नाव, खाली आमच्या जुन्या कामगाराचं नाव, आणि 'कर्मचारी भरपाई अधिनियम, १९२३' असं लिहिलेलं होतं. २८ जुलै २०२३ ला आमच्याविरुद्ध एकतर्फी, म्हणजे आमचं काही न ऐकता, निवाडा झाला होता. आम्हाला सहा महिन्यांनी कळत होतं.

आता मागचं सांगते, कारण ते सांगितल्याशिवाय हे लिहिणं खोटं होईल. ९ फेब्रुवारी २०२१ ला प्रेसवर त्याचा उजव्या हाताचा अंगठा गेला. तेव्हा तो तीस वर्षांचा. प्रेसला गार्ड होता, हात आत जाऊ नये म्हणून असतो तो, पण पीस पटापट निघावेत म्हणून काढून कपाटावर ठेवलेला. कुणी काढला यावर आमच्या घरात आजही बोलणं होत नाही. हॉस्पिटलचे ६८ हजार आम्ही भरले, तीन महिने पगार दिला. मग तो गावी गेला. यांच्या मनात हिशेब पूर्ण झाला होता, "आपण सगळं केलं." कायद्याच्या हिशेबात तसं नसतं. उपचारावर केलेला खर्च भरपाईत धरत नाहीत. तो वेगळा, भरपाई वेगळी. हे मला तीन वर्षांनी वकिलांकडून कळलं. आमच्याकडं सहाच माणसं, म्हणून ईएसआय, म्हणजे सरकारी कामगार विमा, लागू नव्हतं. ईएसआय असतं तर हा दावा या कायद्याखाली आलाच नसता. डब्ल्यूसी पॉलिसी, म्हणजे अशा भरपाईसाठीचा खासगी विमा, मात्र होती. अपघात झाल्यावर यांनी एजंटला फोन केला, एजंट म्हणाला फॉर्म पाठवतो. फॉर्म आला, ड्रॉवरमध्ये गेला, तिथंच राहिला. यात दुसऱ्या कुणाचा दोष नाही.

आमचा गाळा तेव्हा कोल्हापूरजवळच्या शिरोली एमआयडीसीत भाड्याचा होता. ३१ मार्च २०२२ ला तो सोडून आम्ही गोकुळ शिरगावला आलो. कामगारानं भरपाईचा अर्ज लावला सप्टेंबर २०२२ मध्ये, म्हणजे दोन वर्षांच्या मुदतीत, आणि पत्ता दिला त्याला ठाऊक असलेला, शिरोलीचा.

पहिले दोन दिवस मी नुसती आकडे बघत बसले. निवाड्यात ६० टक्के अकार्यक्षमता, म्हणजे कमाईची ताकद तेवढी गेली असं, धरलं होतं. हिशेब असा: पगाराची कमाल मर्यादा १५ हजार (३ जानेवारी २०२० पासून ही आहे, त्याआधी ८ हजार होती), त्याचे ६० टक्के म्हणजे ९ हजार, गुणिले वयाचा गुणक. तीस वर्षांना तो २०७.९८. झाले १८ लाख ७१ हजार ८२०. त्याचे ६० टक्के ११ लाख २३ हजार ९२. वर अपघातापासून १२ टक्के सरळ व्याज, तीन वर्षांचं चार लाखांवर. वर भरपाई वेळेत न दिल्याचा २५ टक्के दंड. पहिला ६० टक्के कायद्यातला आणि दुसरा ६० टक्के डॉक्टरांच्या दाखल्यातला, दोन्ही सारखे दिसत असल्यानं मी रात्रभर एकच आकडा दोनदा गुणला गेलाय असं समजून रडत होते. सकाळी मुलीनं कॅल्क्युलेटरवर करून दाखवलं. बरोबर होतं.

पहिले वकील म्हणाले, हायकोर्टात अपील करा. या कायद्यात कलम ३० खाली अपील आहे, मुदत साठ दिवसांची, ती कधीच संपलेली. शिवाय अपील फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या मुद्द्यावर, आणि मालकानं अपील करायचं तर निवाड्याची रक्कम आधी भरपाई आयुक्तांकडं (हे दावे चालवणारे तेच, आम्ही त्यालाच कोर्ट म्हणतो) भरून तसा दाखला जोडावा लागतो. आणि तेव्हा हायकोर्ट म्हणजे मुंबई. कोल्हापूरचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ ला सुरू झालं. अठरा लाख आणून भरायचे आणि मग मुंबईला खेपा घालायच्या. यांनी त्या रात्री जमीन विकायचं बोलून दाखवलं.

दुसऱ्या वकिलांकडं माझ्या मावसदिरांनी नेलं. त्यांनी कागद चाळले आणि पहिला प्रश्न विचारला, "नोटीस कुठं बजावली?" मला माहीत नव्हतं. "मग आधी नकला काढा. निवाड्याची नको नुसती, रोजनामा, बेलिफाचा अहवाल, परत आलेलं पाकीट, सगळ्याची." रोजनामा म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्याची नोंद, बेलिफ म्हणजे नोटीस बजावणारा कोर्टाचा माणूस. हा या सगळ्या प्रकरणात मला मिळालेला सगळ्यात कामाचा सल्ला. आम्ही आकड्याकडं बघत होतो, ते पाकिटाकडं.

८ फेब्रुवारीला नकलेचा अर्ज, १६ ला नकला हातात. खर्च दीडशेच्या आत. पोस्टाच्या पाकिटावर शेरा 'सोडून गेले'. मग बेलिफामार्फत पाठवली. १४ डिसेंबर २०२२ चा अहवाल: 'गाळ्याचे शटर बंद. शेजाऱ्याने सांगितले की मालक बाहेरगावी. सबब नोटीस शटरवर डकवली.' शेजारी कोण, त्याचं नाव नाही. पंचाची सही नाही. त्यावर बजावणी पुरेशी धरून मार्च २०२३ मध्ये प्रकरण एकतर्फी चालवायचा आदेश झाला, आणि कामगाराचं शपथपत्र व डॉक्टरांचा दाखला यांवर जुलैत निवाडा.

मी दुसऱ्या दिवशी स्कूटर काढून शिरोलीला गेले. गाळ्यात आता पॅकिंगचं काम चालतं. शटरला नवा हिरवा रंग. डाव्या बाजूला, कुलपाच्या वर, रंगाखाली कागदाचा एक चौकोन फुगलेला दिसत होता. कडा वर आलेल्या, रंग त्याच्यावरूनच मारलेला. मी नखानं कोपरा उचलून पाहिला, आत छापील अक्षरं होती, ओली होऊन पुसलेली. फोटो काढला आणि मोठ्या विजयानं वकिलांना पाठवला. ते हसले. "अहो, नोटीस डकवली हे आपणच सिद्ध करून द्यायचं का? डकवली यावर वाद नाही. डकवली तिथं तुम्ही होता का, एवढंच बघायचं." फोटो दाखल झाला नाही.

कोर्टात हे लोक 'नऊ तेरा' म्हणतात. दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या ऑर्डर नऊचा नियम तेरा: समन्स नीट बजावलं गेलं नाही किंवा हजर न राहण्याला पुरेसं कारण होतं, तर एकतर्फी निवाडा रद्द करून मागता येतो, त्याच कोर्टात. भरपाईच्या प्रकरणांना तो लागू होतो तो १९२४ च्या नियमांतल्या नियम ४१ मुळे. मुदत तीस दिवसांची, समन्स नीट बजावलेलं नसेल तर निवाडा कळल्यापासून. म्हणून 'कधी कळलं' ही तारीख सोन्याची. मी तलाठ्यांच्या फोनचा कॉल लॉग स्क्रीनशॉट काढून ठेवला होता, आणि चावडीत मिळालेल्या मागणी नोटिशीवर पोच देताना तारीख घालून सही केली होती. ती सवय हिशेबाची, पण उपयोगी पडली.

अर्ज दाखल केला २६ फेब्रुवारीला. आमच्या दृष्टीनं आम्ही तीस दिवसांच्या आतच होतो, तरी वकिलांनी सोबत विलंब माफीचा अर्जही लावला, निवाड्याच्या तारखेपासून मोजलं तर १८३ दिवसांचा. "कोर्टाला बजावणी बरोबर वाटली तर काय कराल? दोन्ही दारं उघडी ठेवा." तिसरा अर्ज वसुलीला स्थगितीचा. जोडलेले कागद: जुन्या गाळ्याचा करार आणि सोडल्याची लेखी पोच, जीएसटी नोंदणीत पत्ता बदलल्याचा एप्रिल २०२२ चा दाखला, नव्या गाळ्याची वीजबिलं, जुन्या गाळामालकांचं शपथपत्र. त्या काकांनी अर्ध्या तासात नोटरीकडं येऊन सही केली आणि चहाचे पैसेही देऊ दिले नाहीत. जीएसटीतला बदल आम्ही वेळेवर केला नसता तर हा सगळा डाव कोसळला असता. उद्यम नोंदणीवरचा पत्ता तर २०२४ पर्यंत शिरोलीचाच होता. समोरच्या वकिलांनी तो बरोबर शोधून काढला.

आणखी एक मुद्दा अर्जात होता. कलम ४-अ खाली दंड पन्नास टक्क्यांपर्यंत लावता येतो, पण मालकाला कारण दाखवायची संधी दिल्याशिवाय नाही. ती संधी देणारी नोटीसही त्याच शटरवर गेली असणार, किंवा गेलीच नसेल. रोजनाम्यात तिचा उल्लेख नव्हता.

४ मार्चला स्थगितीवर ऐकलं. पाच लाख चार आठवड्यांत भरा, मग वसुली थांबेल. नियम तेरातच लिहिलंय की कोर्ट पैसे भरण्यासारख्या अटी घालू शकतं, त्यामुळे धक्का बसायचं कारण नव्हतं, बसला तो बसलाच. माझ्या पाटल्या आणि यांच्या पतसंस्थेतली ठेव यांत साडेतीन लाख झाले. उरलेले भिशीतून उचलले, महिन्याभराचा नंबर बदलून घेऊन. २७ मार्चला डिमांड ड्राफ्ट भरला. स्थगितीचा आदेश कोर्टातून आपोआप तहसीलला जाईल या भरवशावर राहू नका. मी प्रमाणित प्रत स्वतः नेऊन दिली, पोचेवर शिक्का घेतला, आणि एक झेरॉक्स तलाठी भाऊसाहेबांना. तोवर जमिनीच्या उताऱ्यावर इतर हक्कात बोजा चढला होता.

एप्रिलमध्ये समोरच्यांचं म्हणणं आलं. मे सुट्टीत गेला. जूनमध्ये न्यायाधीश रजेवर. जुलैच्या शेवटी पंचगंगेला पूर आला, रस्ते बंद, तीही तारीख गेली. तारखेला जाऊन परत येण्याचा एक विचित्र थकवा असतो. काही झालेलं नसतं आणि अंग मोडून येतं. डबा घरून न्यायचा हे मी तिसऱ्या तारखेला शिकले.

बेलिफाची उलटतपासणी दहा मिनिटांत झाली. शेजारी कोण ते आठवत नाही, शटरवर बोर्ड होता का ते आठवत नाही. तो माणूस बिचारा दिवसाला किती नोटिसा वाटत असेल, त्याला खरंच आठवत नसणार.

माझी झाली २३ ऑगस्टला. भीती वाटत होती ती एकाच प्रश्नाची. मे २०२२ मध्ये कामगाराच्या भावाचा मला व्हॉट्सॲप मेसेज आला होता: 'वहिनी काहीतरी बघा, नाहीतर आम्हाला कोर्टात जावं लागेल.' मी तो वाचला होता. निळ्या खुणा आल्या होत्या. उत्तर दिलं नव्हतं. यांना दाखवला तेव्हा हे म्हणाले, बघू. वकिलांना मी हे आधीच सांगितलं होतं, आणि त्यांनी एवढंच म्हटलं होतं की विचारलं तर खरं सांगा. विचारलंच. मी हो म्हणाले. "म्हणजे दाव्याची तुम्हाला कल्पना होती?" मी म्हणाले, धमकी होती, दावा लागल्याचं कळलं नव्हतं. 'धमकी' हा शब्द तोंडातून गेला आणि मला लाज वाटली. ती विनंती होती.

तो समोरच बाकावर बसला होता. शर्टाच्या खिशात उजवा हात घालून. मधे त्याला एका कागदावर सही करायला बोलावलं. त्यानं पेन पहिल्या आणि मधल्या बोटाच्या बेचक्यात धरलं, मनगट वाकवून, आणि सही संपेपर्यंत कारकून कागद दाबून धरून उभा राहिला. तीन वर्षांत मी त्याचा हात पहिल्यांदा पाहत होते. बाहेर पडताना जिन्यात गाठ पडली. "बरं आहे का?" मी विचारलं. "हाय की वहिनी," म्हणाला. सध्या एका दुकानात राखणीला असतो. पुढं दोघांनाही बोलायला काही सुचलं नाही.

निकाल ४ ऑक्टोबर २०२४ ला, घटस्थापनेच्या दुसऱ्या दिवशी. अर्ज मंजूर. मला समजलं ते असं: नोटीस डकवायची ती माणूस जिथं राहतो किंवा धंदा करतो त्या जागेवर, आणि डिसेंबर २०२२ मध्ये माझा धंदा तिथं नव्हता. बजावणीत नुसती बारीक चूक असेल आणि मालकाला सुनावणीची तारीख माहीत असेल तर निवाडा रद्द होत नाही, तसंही नियमातच आहे. समोरच्यांचा सगळा भर त्यावर होता. पण मेसेजमधून दावा होऊ शकतो एवढं कळत होतं, तारीख नाही. उद्यमवरचा जुना पत्ता कोर्टानं माझा निष्काळजीपणा म्हणून नोंदवला आणि त्यापोटी दहा हजार खर्च कामगाराला द्यायला लावला. शिवाय भरलेल्या पाच लाखांतले दोन लाख त्याला लगेच काढून घ्यायची परवानगी दिली, मूळ दाव्याच्या निकालाला अधीन राहून.

घरी पेढे आणायचं यांनी काढलं. मी नको म्हटलं. आम्ही काही जिंकलो नव्हतो. फक्त सप्टेंबर २०२२ ला परत आलो होतो, आता लेखी जबाब द्यायचा होता.

यानंतरचं पटकन सांगते. आमच्यासाठी निवाडा रद्द होण्याचं खरं मोल एकाच गोष्टीत होतं: विमा कंपनी प्रकरणात पक्षकार म्हणून आली. कामगाराला पॉलिसीचं माहीत असायचं कारण नव्हतं, आणि सांगणारे आम्ही हजर नव्हतो. कंपनीनं उशिरा कळवल्याची तक्रार केली. एजंटला केलेल्या फोनचा पुरावा नव्हता, पण त्याचं फॉर्म पाठवल्याचं ईमेल यांच्या इनबॉक्समध्ये सापडलं, अपघातानंतर चौथ्या दिवसाचं. कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात अंगठा गमावल्याला ३० टक्के दिलेत. डॉक्टरांनी उलटतपासणीत मान्य केलं की ६० टक्के त्यांनी 'प्रेसचं काम आता जमणार नाही' म्हणून लिहिले होते.

१३ जून २०२५ चा अंतिम निकाल: ३० टक्क्यांनी भरपाई ५ लाख ६१ हजार ५४६, ती विमा कंपनीनं द्यायची. व्याज आमच्यावर, कारण आमच्या पॉलिसीत व्याज वगळल्याचं कलम होतं (तुमची पॉलिसी आज काढून ते कलम बघा, बारीक टाइपात असतं). त्याला आधी मिळालेले दोन लाख धरून व्याजाचा हिशेब झाला तो २ लाख ७६ हजारांचा. दंडही लागला, १० टक्के, ५६ हजार १५५. या वेळी कारणे दाखवा नोटीस माझ्या हातात मिळाली होती आणि दाखवायला कारण नव्हतं. ड्रॉवरमध्ये पडलेला फॉर्म हे कारण होत नाही. व्याज आणि दंड दोन्ही कामगारालाच मिळतात.

वकिलांची फी दोन्ही टप्प्यांची मिळून ५५ हजार, नोटरी, नकला, झेरॉक्स, पेट्रोल धरून आणखी सात-आठ हजार. भरलेल्या पाच लाखांतून सगळं वळतं होऊन १ लाख ६७ हजार परत मिळाले, अर्ज करून, दोन महिन्यांनी. पाटल्या अजून सुटायच्यात.

आमचं सगळं १९२३ च्या कायद्याखाली चाललं. २१ नोव्हेंबर २०२५ पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झालीय, त्यामुळे अपघात अलीकडचा असेल तर मी वर दिलेले कलमांचे आकडे तसेच्या तसे घेऊ नका.

बोजा मात्र निकालानंतरही उताऱ्यावर होता. वसुली रद्द झाल्याचं पत्र कोर्टातून जिल्हाधिकारी कार्यालय, तिथून तहसील, तिथून मंडल अधिकारी असं येतं. मी प्रत्येक टेबलावर आवक क्रमांक वहीत लिहून घेत गेले. ऑक्टोबरमध्ये एका सकाळी पुन्हा तलाठी भाऊसाहेबांचा फोन आला, मी भाकरी थापत होते, पीठ लागलेल्या हातानंच उचलला. "वहिनी, फेरफार मंजूर झाला. बोजा उतरला. ऑनलाइन काढून बघा, पंधरा रुपये लागतात."

हात धुऊन काढला. इतर हक्कात आता फक्त विहिरीचं पाणी आहे.